मदत हवी आहे: एन. दत्तांच्या गाण्यांचे वाद्यमेळाचे कागद कुठे मिळतील?

चवथीनंतर फोंड्यात एन. दत्तांच्या (दत्ता नाईक) गाण्यांचा दोन तासांचा कार्यक्रम करतोय. गोव्याचाच माणूस, पण ‘साधना’तलं (1958) ‘औरत ने जनम दिया मर्दों को’ आणि आपलं ‘निंबोणीच्या झाडामागे’ एकाच संगीतकाराचं, हे सांगितलं की इथले जुने कानसेनही चमकतात. म्हणून ‘मिलाप’पासून (1955) ‘अपराध’पर्यंत (1969) बारा गाणी निवडली आहेत. यादी ठरलेली आहे, तिच्यात भर नको.

अडलंय वाद्यांपाशी. दोन व्हायोलिन, मेंडोलिन, अकॉर्डियन, तबला-ढोलक एवढा ताफा आहे. व्हायोलिनवाले दोघंही मडगावचे, चर्चमध्ये शिकलेले. समोर स्टाफ नोटेशनचा (पाच रेघांवरच्या पाश्चात्त्य स्वरलिपीचा) कागद हवाच. पेटीवाल्याला देतात तसं सा-रे-ग-म लिहून दिलं तर हसतात! गायकीची ओळ मी उतरवली. पण ‘सूर तेच छेडिता’च्या कडव्यांमधले तुकडे अर्ध्या वेगाने, हेडफोन लावून आठवडाभर ऐकले, तरी वरचीच सुरावट हाती लागते. खालचा भरणा मोनो (सगळे आवाज एकाच चॅनलवर असलेल्या) रेकॉर्डिंगमध्ये पार मिसळून गेलाय. आवाज वेगळे करणारं एक अॅपही वापरून पाहिलं. त्यात व्हायोलिन आणि अकॉर्डियनचा एकच चिखल झाला.

कराओके ट्रॅक नकोत. मुंबईच्या स्टुडिओंत त्या काळी कितीतरी गोंयकार वादक होते. कुणाच्या घरी ट्रंकेत हाताने लिहिलेले पार्ट (एकेका वाद्याच्या ओळीचे कागद) असतील तर झेरॉक्स पुरे, येऊन काढून नेईन. आणि कागद नसतीलच, तर मोनो रेकॉर्डिंगवरून दुसऱ्या व्हायोलिनची ओळ तुम्ही कशी उतरवता?