यात्रेत माणसं मोजायला कॅमेरा घ्यावा का?

बालाघाटकर:
धाराशिव जिल्ह्यातलं लहान गाव आमचं, पण चंपाषष्ठीला खंडोबाच्या यात्रेत बार्शी-लातूरकडनं माणूस लोटतो. महाद्वार जेमतेम चार फुटी, त्यातनंच आत न् त्यातनंच बाहेर. गेल्या साली आरतीच्या टायमाला दारात अशी कोंडी झाली की लेकरं डोक्यावरनं बाहेर काढावी लागली. आता कमिटीवाले म्हणायलेत, काहीतरी बसवू. एक जण चेहरा ओळखणारे कॅमेरे दाखवून गेला, दुसरा म्हणतो मोबाईलच्या वायफायवरनं गर्दी कळते. पैसा वर्गणीचा आहे. कुणी वापरलंय का?

मोंढ्यावरचा:
आमच्या कापड दुकानात दाराला किरणावर चालणारा काउंटर आहे. दोघी जोडीनं शिरल्या की एकच मोजतो, आणि चहावाला पोऱ्या प्रत्येक खेपेला नवीन गिऱ्हाईक. यात्रेत तो घेऊ नका.

वायरिंगवाला_नांदेड:
चेहऱ्याचं तर डोक्यातनंच काढा. कोण आलंय याच्याशी काय करायचंय, किती आलेत ते पाहिजे. वायफायचंही खरं नाही. हल्लीचे फोन वायफाय शोधताना आपला ओळख-नंबर बदलत राहतात, एकच फोन चारदा मोजला जातो. वर आजीकडं फोनच नसतो अन् नातवाकडं दोन.

घ्यायचाच तर सरळ खाली बघणारा डेप्थ कॅमेरा घ्या, म्हणजे वस्तू किती लांब आहे ते मोजणारा. त्याला डोकं-खांदे कळतात, आत जाणारे-बाहेर येणारे वेगळे मोजतो. पण खंडोबा म्हणजे भंडारा! एका यात्रेत मी बसवला होता, दुपारपर्यंत काचेवर हळदीचा थर, स्क्रीनवर नुसतं पिवळं धुकं. पोरगं शिडीवर चढून फडक्यानं पुसायलंय आणि खालून लोक त्याच्यावरच भंडारा उधळायलेत. उधळणीपासून मागं, सावलीत लावा.

आता हिशोब. सपाट वाटेवर मीटरभर रुंदीतनं मिनिटाला फार तर ८२ माणसं जातात, तीही एका दिशेनं, न थांबता. तुमच्या चार फुटी दारातनं शंभराच्या आसपास. समोरनं माणसं आली, जो तो उंबऱ्याला हात लावायला वाकला, की हे गणित गेलं. म्हणून दारापेक्षा दारापुढच्या पटांगणावर नजर पाहिजे. चौरस मीटरला चार माणसं झाली की मागची रांग थांबवायची. सहाच्या वर गेलं की माणूस आपल्या पायानं चालत नाही, रेटा नेईल तिकडं जातो.

आणि नारळ फोडायची जागा पायऱ्यांपासून लांब न्या. २००५ ला मांढरदेवीला चेंगराचेंगरी झाली, तेव्हा पायऱ्या नारळाच्या पाण्यानंच निसरड्या झाल्या होत्या.

बालाघाटकर:
रांग थांबवायची कुणी पण? आमच्याकडं भोंग्यावर सांगून कुणी ऐकत नाही.

वायरिंगवाला_नांदेड:
दाराच्या बरंच अलीकडं बल्ल्यांचं फाटक करा. तिथं गाव ज्याचं ऐकतं असा माणूस उभा करा, हातात वॉकीटॉकी द्या. यात्रेत मोबाईल लागत नाही. ते जमणार नसेल तर कॅमेरा नुसता कोंडी बघत बसेल. आणि दादा, मागच्या भिंतीला बाहेर जायचं दार पाडता येतंय का बघा की. त्या पैशात गवंडी येतो.

बालाघाटकर:
मागं पुजाऱ्याचा गोठा आहे. विचारून बघतो, पण सोपं नाही.