योरुबांचा इतिहास आणि मिशनचे कागद : भाटांवर विश्वास ठेवायचा की नाही?

खडूस वाचक : "आफ्रिकेचा इतिहास म्हणजे मिशनऱ्यांनी जपलेले कागद, बाकी सांगोवांगी" ही कालची पोस्ट वाचून डोकं फिरलं. मग सॅम्युएल जॉन्सनचं काय करायचं? हा योरुबा (म्हणजे आजच्या नैऋत्य नायजेरियातल्या समाजाचा) माणूस, ओयो या योरुबा राज्यातला पाद्री, मिशनचाच पगारी, पण त्याने जुना इतिहास लिहिला तो अरोकिनांकडून, ओयोच्या दरबारी भाटांकडून ऐकून. 1897 ला हस्तलिखित पूर्ण केलं, लंडनला प्रकाशकाकडे गेलं आणि तिथेच गहाळ! 1901 ला तो वारला, मग डॉक्टर भावाने टिपणांवरून सगळं परत लिहिलं, 1916 ला पाठवलं तर ते जहाज जर्मनांनी पकडलं, छापून आलं 1921 ला. हे म्हणे कागद जपणारे.

चावडीवाला : पोस्ट माझीच. भाट कुणाचं खात होते? ओयोच्या राजाचं. म्हणून तर जॉन्सनच्या पुस्तकात ओयो पाटावर आणि इजेबू, एकिती हे दुसरे योरुबा गट पंगतीच्या टोकाला. शिवाय योरुबांची आपसातली लढाई थांबवणाऱ्या 1886 च्या तहात जॉन्सन स्वतः मध्यस्थ म्हणून धावपळ करत होता, तो कसला तटस्थ.

अनघा प : बखरी लिहिणारे काय फुकट लिहायचे का? आणि मिशनचे कागद तरी कुठे सोवळे? योरुबा बिशप क्राउदरला म्हातारपणी नायजर नदीकाठच्या मिशनच्या कामातून कोपऱ्यात ढकललं ते पोरसवदा गोऱ्या मिशनऱ्यांनी, आणि त्याच मिशनच्या दप्तरातून नायजेरियन इतिहासकार अजायींनी 1965 ला हे नीट मांडलं. कागद खोटा नसतो हो, पण तो कोणी लिहिला ते बघावं लागतं.

नाशिककर : विषय निघालाच आहे तर, आमच्या शरणपूरला मिशनने सोडवलेल्या आफ्रिकन गुलामांची शाळा होती. आजी सांगायची "इथं हबशी पोरं शिकायची", घरात सगळे हसायचे. त्यातलाच जेकब वेनराइट, आफ्रिकेत वारलेला प्रवासी लिव्हिंगस्टन याच्या शवासोबत लंडनच्या वेस्टमिन्स्टरपर्यंत गेला, 1874 ला. ती शाळा चालवणाऱ्या प्राइसनेच पुढच्या वर्षी केनियात मोंबासाजवळ सोडवलेल्या गुलामांसाठी फ्रिअरटाउन वसवलं, आणि तिथं इकडूनही बरेच गेले. आमच्या शहरात मात्र कुणाला पत्ता नाही, रस्ता रुंद करायचं म्हटलं की सगळे जमतात!

चावडीवाला : आजीने ते चर्चमधल्या कुणाकडून ऐकलं असेल, आणि त्याने कागदातून वाचलं असेल. योरुबांकडेही हेच झालं की, जॉन्सनचं पुस्तक छापून आल्यावर लोक तेच 'पूर्वापार' म्हणून संशोधकांना ऐकवू लागले.

नाशिककर : आजी निरक्षर होती आणि ख्रिश्चनही नव्हती, तिला यात ओढायचं काम नाही. तुम्ही नाशिकचे आहात का? मग गप्प बसा.

खडूस वाचक : अरे आजीवरून कुठे भांडताय, ओयो राहिलं बाजूला! पण चावडीवाल्यांचा शेवटचा मुद्दा खोडता येत नाही, नाइलाज आहे.

चावडीवाला : वा, सत्कार करा माझा. बरं, भाटांना कचऱ्यात टाका असं मी म्हणत नाही, फक्त इजेबूवाल्यांनाही एकदा विचारा.

अनघा प : म्हणजे तोंडीच विचारायचं ना?

चावडीवाला : 😐

नाशिककर : शरणपूरच्या शाळेचं जुनं रजिस्टर कुणी पाहिलंय का? एका ठिकाणी विचारायला गेलो तर "साहेब जेवायला गेलेत."