परवानाच्या गोष्टीतल्या कागदी बाहुल्या

सांगलीतल्या उन्हाळी शिबिरात ‘द ब्रेडविनर’ (2017) हा ॲनिमेशनपट दाखवून त्यातल्यासारखं कागदी ॲनिमेशन मुलांकडून करून घ्यायचं, ही कुणीतरी मांडलेली कल्पना झकास. पण सिनेमातलं ॲनिमेशन खऱ्या कागदाचं आहे असं त्यात धरलंय, तिथे एक दुरुस्ती: तालिबानी काबूलमध्ये केस कापून मुलगा बनलेली परवाना जी गोष्ट सांगते, तो भाग खऱ्या कागदाचा नाही, कातरकामाचा भास संगणकावर आणलाय. खऱ्या कागदानंही जमतं म्हणा: कागदी बाहुली जराशी हलवायची, फोटो काढायचा, पुन्हा हलवायची, आणि ते फोटो भराभर दाखवायचे.

सेकंदाला 12 फोटो धरा, म्हणजे दहा सेकंदांना 120. तेवढंच पुरे. बाहुली कार्डशीटची; खांदा, कोपर, गुडघ्याला सुईनं भोक पाडून दोरा ओवायचा, दोन्ही बाजूंना गाठ. गाठ फार आवळली तर हात हलवताना अख्खी बाहुली सरकते, सैल सोडली तर हात जागेवर राहत नाही. फोन वर पक्का बांधून खाली रोखलेला, फोकस आणि एक्स्पोजर (फोटोतला उजेड) लॉक. नाहीतर कुणाची सावली पडली की फोन आपोआप उजेड बदलतो आणि चित्र लुकलुकतं. पंखा बंद (मे महिन्यात सांगलीत हे सांगणं जिवावर येतं!), कागद उडतो.

पाचवीच्या आतल्यांना मात्र सिनेमा नको. वडिलांची अटक आणि आईला झालेली मारहाण त्यांना जड जाईल.