नागपूरकर उन्हानं घडतो की नकाशानं?

उंटखान्याचा_पोट्टा
बारा वर्षं पुण्यात काढली, सध्या मेचे पंधरा दिवस घरी आलोय. दुपारी दोनला आईनं पडदे ओढले, कूलरमध्ये दोन बादल्या पाणी ओतलं आणि मला मेल्यासारखी झोप लागली. शेजारी माझा आठ वर्षांचा मुलगा टक्क जागा. जन्म पुण्याचा. उठल्यावर म्हणाला, "बाबा, तू इथला आहेस, मी नाही."

त्यावरून एक मत मांडतो, फोडून काढा. माणूस कुठला हे भाषेवरून, आडनावावरून नंतर ठरतं. आधी त्याच्या अंगाला ते कळतं. आपलं ऊन कोरडं, म्हणून इथे कूलर चालतो. हाच कूलर मुंबईत लावा, चादरी ओल्या होतील आणि गारवा काही यायचा नाही. 2013 च्या मेमध्ये पारा 47.9 वर गेला होता, तरी संध्याकाळी गच्चीवर पाणी मारून लोक गाद्या टाकतच होते. बाजार उशिरापर्यंत, जेवण उशिरा, गप्पा त्याहून उशिरा, हे सगळं उन्हानं लावलेलं वळण आहे. आणि मुलूख सपाट, मोकळा. पाहुणा लांबूनच दिसतो, तो दारात येईस्तोवर चहा उकळलेला असतो. आपला आडपडदा न ठेवणारा स्वभाव या जमिनीतून आलाय असं मला मनापासून वाटतं.

सिव्हिल_लाइन्सचे_काका
बाळा, झोप छान लागली हे वाचून बरं वाटलं. बाकी पटलं नाही.

सपाट जमिनीनं माणसं मोकळी होत असती तर सोलापूरही सपाटच आहे, लातूरही. तिथली माणसं आपल्यासारखी बोलतात का? आपलं नागपूरपण कचेऱ्यांनी घडवलंय. 1861 मध्ये मध्य प्रांत झाला, नागपूर राजधानी. 1903 मध्ये वऱ्हाड जोडलं गेलं. 1956 पर्यंत हे शहर राजधानीच होतं. जबलपूर, रायपूरची माणसं कामासाठी इथे यायची आणि जाताना थोडं हिंदी ठेवून जायची. तुझ्या तोंडातलं "करून राहिलो" सपाट जमिनीतून उगवलेलं नाही.

मग 1 नोव्हेंबर 1956 उजाडला आणि आपण द्विभाषिक मुंबई राज्यात गेलो. माझे वडील तेव्हा नोकरीत होते. ते सांगायचे, रात्री झोपलो तेव्हा राजधानी पायी जाण्याइतकी जवळ होती, सकाळी उठलो तर रेल्वेनं आठशेच्या वर किलोमीटर लांब. टेकडी जागेवर, नाग नदी जागेवर, ऊन तर जागेवर आहेच. बदलला फक्त नकाशा, आणि तेवढ्यानं माणसांचा स्वभाव बदलला. राजधानी गेल्याचं दुःख हाच नागपूरकराचा खरा भूगोल. विदर्भानं मराठी राज्यात यावं म्हणून आधीच झालेला 1953 चा नागपूर करार, त्यातून आलेलं विधिमंडळाचं हिवाळी अधिवेशन, ही त्या दुःखावरची मलमपट्टी. दरवर्षी डिसेंबरात ती बदलतात.

संत्र्याचंही तेच. भोसल्यांच्या काळात बाहेरून आणून लावलं असं सांगतात. आज काटोल, वरुडच्या मातीशिवाय त्याची ओळख नाही. आधी कोणीतरी आणून लावावं लागतं, मातीचं काम नंतर.

वैनगंगाकाठ
काका, "आपलं" म्हणता ते कोणाचं? मी भंडाऱ्याकडचा. तुम्ही दोघंही नागपूरच्या पश्चिमेकडे तोंड करून बोलून राहिले.

नागपूरच्या आसपासच दगड बदलतो. पश्चिमेकडे सह्याद्रीपासून आलेला काळा बेसाल्ट, म्हणून काळी माती, म्हणून कापूस, ज्वारी, संत्रा. पूर्वेला जा, तो दगड संपतो. खाली जुना, कठीण खडक, पाणी मुरत नाही. म्हणून आमच्याकडे तळी. मामा तलाव, म्हणजे मालगुजारी तलाव, आमच्या कोहळी लोकांनी उतार पाहून बांधलेले. तळी आहेत म्हणून धान, धान आहे म्हणून ताटात भाकर नाही, भात. बोली वेगळी, झाडीबोली. कापणी झाली की रात्रभर दंडार म्हणजे आमचं लोकनाट्य, नाटकं. लग्नात पोरगी पश्चिमेकडे दिली तर आजी म्हणायची, "वऱ्हाडात पडली, आता भाकरी थापून मरल."

म्हणून मी धागाकर्त्याच्या बाजूनं, पण त्याच्या कारणानं नाही. सपाट-बिपाट काही नसते. जमिनीत पाणी मुरते का नाही, एवढ्यावरून आमचं गाव काय खाईल, कोणाशी सोयरीक करील हे ठरलं. कचेरी लय नंतर आली.

दगड_गोळा_करणारी
वैनगंगाकाठ यांनी दगड काढलाच आहे तर राहवत नाही. (शिकवते भूगोल, वेड भूगर्भाचं.)

तुम्ही सगळे "जमिनीनं माणूस घडवला का" एवढंच विचारताय. उलटा प्रवास पाहा. चंद्रपूर, उमरेडचा कोळसा ज्या खडकांत सापडतो त्यांना गोंडवाना खडक म्हणतात. हे नाव गोंडांच्या मुलखावरून पडलं. पुढे दक्षिण अमेरिका, आफ्रिका, भारत, ऑस्ट्रेलिया, अंटार्क्टिका एकत्र असलेल्या प्राचीन महाखंडालाही तेच नाव मिळालं. म्हणजे अंटार्क्टिकाच्या बर्फाखालच्या खडकावरही आपल्याकडच्या माणसांचं नाव आहे, आणि नागपुरात कोणाला विचारा शहर कोणी वसवलं, दहातले आठ भोसल्यांचं नाव घेतील. देवगडच्या (कोकणातलं नव्हे, छिंदवाड्याकडचं) बख्त बुलंद शहानं, गोंड राजानं, 1702 मध्ये वसवलं.

अजून एक. ज्यांच्या नावाचं कॉलेज आहे ते स्टीफन हिस्लॉप धर्मप्रचारक म्हणून आले, पण इथले जीवाश्म गोळा करत फिरले आणि गोंडांच्या कथा-गाणीही उतरवून घेत गेले. एकाच माणसाच्या टिपणांत दगड आणि गाणी. 1863 मध्ये टाकळघाटची प्राचीन शिळावर्तुळं पाहून परतताना पुरात बुडून गेले. मला ते नेहमी खरे नागपूरकर वाटतात, आणि त्यांचा जन्म स्कॉटलंडचा.

काका
ताई, हे तर माझ्याच बाजूचं झालं. नाव माणसानं दिलं.

दगड_गोळा_करणारी
नाव दिलं कारण माणसं त्या जंगलात शतकानुशतकं राहत होती. तुमच्या बाजूनं निम्मंच.

इंदोरा_बुद्धविहार
गच्चीवरच्या गाद्यांचं वाचून हसू आलं. आमच्याकडे गच्ची नव्हती, टिनाचं छप्पर होतं. माय वीटभट्टीवर होती, दुपारी दोनला विटा डोक्यावर. दोघांच्या अंगावर तेच ऊन, पण "उन्हानं घडवलेला मोकळा स्वभाव" तिच्या वाट्याला काही आला नाही. ऊन सगळ्यांचं सारखं नसते भाऊ. सावली कोणाकडे आहे त्यावर आहे.

पण तुमचा प्रश्न मला आवडला, कारण आम्ही इथले कसे झालो त्याचं उत्तर वेगळं आहे. बाबासाहेबांचा जन्म महूचा, आयुष्य मुंबईत, दिल्लीत. 14 ऑक्टोबर 1956 ला दीक्षेसाठी नागपूर निवडलं. का, हे त्यांनी दुसऱ्या दिवशीच्या भाषणात सांगितलं: बौद्ध धम्म पसरवणारे नाग लोक, आणि इथून वाहणारी नाग नदी. म्हणजे नदी महत्त्वाचीच, पण नुसतं पाणी म्हणून नाही. तिच्या काठी कोण राहत होतं, ते आठवलं म्हणून. काका, तुमची राजधानी त्यानंतर अठरा दिवसांनी गेली. आमच्या घरी 1956 हे साल दुःखाचं नाही.

सिव्हिल_लाइन्सचे_काका
हे मी लिहिताना ध्यानातच घेतलं नव्हतं. मान्य. सगळ्यांचा भूगोल एकच असं म्हणायला नको होतं.

उंटखान्याचा_पोट्टा
सपाटवालं मागे घेतो, सोलापूरनं हरवलं. माय विटा वाहत होती त्यावर माझ्याकडे बोलायला काही नाही.

उन्हाचं मात्र मागे घेत नाही. आणि नदीवरून एक सांगायचंच आहे. 23 सप्टेंबर 2023 ला अंबाझरी तलाव ओसंडला तेव्हा मावशीच्या तळमजल्यावर छातीपर्यंत पाणी होतं. चाळीस वर्षं ती ज्याला "नाला" म्हणत होती ती नाग नदीच. आता नदी म्हणते. ताई, पोराला ती शिळावर्तुळं दाखवायची आहेत. टाकळघाट लांब पडेल, जवळ काही?

दगड_गोळा_करणारी
जुनापाणी. काटोल रोडनं, शहराबाहेर थोड्याच अंतरावर. लोहयुगातली, काळ्या दगडांची. फलक वाचण्यात वेळ घालवू नका, वर्तुळाच्या मध्ये उभं राहून पाहा. सकाळी सातच्या आत पोचा, दुपट्टा आणि पाणी घ्या, नऊनंतर दगडाला हात लावता येत नाही.

वैनगंगाकाठ
आणि कांदा ठेवा खिशात. पोराच्या.