लॅनवर काउंटर-स्ट्राइकचा सर्व्हर दिसत नाही

प्रश्न (म्हापसा): चवथीला जमलेल्या भावंडांसाठी मी काउंटर-स्ट्राइक १.६ या संगणकावरील खेळाचा सर्व्हर सुरू केला आहे; राउटर एकच असूनही वाय-फायवरील लॅपटॉपवर खेळातल्या लॅन (घरातले स्थानिक नेटवर्क) यादीत तो दिसत नाही. काय तपासावे?

उत्तर (फोंडा): ही यादी ब्रॉडकास्टवर, म्हणजे नेटवर्कवरील सर्वांना एकदम पाठवलेल्या संदेशावर चालते आणि तो पोहोचेलच असे नाही, त्यामुळे तिच्यावर विसंबू नका. सर्व्हरचा आयपी पत्ता पाहून लॅपटॉपवर खेळाच्या कन्सोलमध्ये (आज्ञा लिहिण्याच्या खिडकीत) 'connect', मग तो पत्ता आणि पुढे :२७०१५ लिहा. तरीही जोडणी होत नसेल, तर सर्व्हरच्या संगणकावर नेटवर्क 'पब्लिक' (सार्वजनिक) ठरल्याने फायरवॉल (नको त्या जोडण्या रोखणारी सुरक्षा) खेळाचे यूडीपी पोर्ट २७०१५ अडवत असावी. खेळाला परवानगी द्या, फायरवॉल मात्र बंद करू नका.

उत्तर (मडगाव): लॅपटॉप गेस्ट वाय-फायवर नाही ना? तिथली उपकरणे मुख्य नेटवर्कपासून सहसा वेगळी ठेवलेली असतात.

प्रश्नकर्ता: गेस्टवरच होता! आरतीला येणाऱ्या पाहुण्यांसाठी ते मीच सुरू केले होते. आता सर्व्हर दिसतो.