'स्नो' (१९६३): रुळांवरच्या माणसाचा गौरव की रेल्वेची झकास जाहिरात?

सिग्नलपार
ब्रिटिश ट्रान्सपोर्ट फिल्म्ससाठी (ब्रिटनच्या सरकारी रेल्वे-वाहतुकीचा चित्रपट विभाग) जेफ्री जोन्सने केलेला आठेक मिनिटांचा लघुपट 'स्नो' परत पाहिला. १९६२-६३ च्या हिवाळ्यात इंग्लंड गोठलं होतं, तेव्हाचं चित्रण. निवेदन नाही, मुलाखती नाहीत. सांध्यांत अडकलेला बर्फ, तो उपसणारी फावडी, आणि मध्येच उबदार डब्यात जेवणारे प्रवासी. सँडी नेल्सनची 'टीन बीट' ही ड्रमवरची धून जॉनी हॉक्सवर्थने नव्याने वाजवली, डॅफ्नी ओरमने ती यंत्रावर ताणली. आधी रेंगाळणारा ठेका शेवटी सुसाट सुटतो. राबणाऱ्या हातांना इतका मान देणारा दुसरा रेल्वेपट मला तरी माहीत नाही.

खडीवाला
साफ असहमत. मान कसला? फावडं खाली आलं की कट! पाठ कशी भरून येते हे कळायला शॉट जरा टिकायला नको? जेम्स बेनिंगचा 'आरआर' (२००७) बघा. लघुपट नाही, पण ४३ गाड्या, आणि गाडी पूर्ण जाईपर्यंत कॅमेरा जागचा हलत नाही. शिवाय मार्च १९६३ मध्येच ब्रिटिश रेल्वेच्या काटछाटीसाठीच्या बीचिंग अहवालाने २,३६३ स्थानकं बंद करायला सुचवलं. त्याचा इथे मागमूस नाही.

सिग्नलपार
चित्रण थंडीतलं, अहवाल नंतरचा. जोन्स काय ज्योतिषी होता? आणि जेवणाच्या टेबलावरून थेट फावड्यावर येणारा कट बोचतोच की. निवेदक असता तर 'आपले शूर कामगार' म्हणून त्याने ती बोच घालवली असती.

मामाचा_भाचा
आमचे मामा बोरघाटात गँगमन होते. रूळ सरकवताना एक जण हाळी द्यायचा, की सगळ्यांच्या पहारी एकदम लागायच्या. म्हणजे ठेका त्या कामातच असतो, दिग्दर्शकाने वरून लादलेला नव्हे. पण ती हाळी दमलेल्यांना सांभाळून घेते, दुपारनंतर सावकाश होते. 'स्नो'तला ठेका उलट वाढतच जातो. हे मला खटकलं.

सिग्नलपार
मुद्दा भारी आहे. पण तो वेग गाड्यांचा हो! ठेका चढतो तेव्हा पडद्यावर मुख्यतः धावत्या गाड्याच आहेत.

खडीवाला
मग मी वेगळं काय म्हणतोय? मार्ग मोकळा झाला की फावडेवाल्याची गरज संपली, रेल्वेलाही आणि जोन्सलाही.