लॅब टेक्निशियनची बढती: जागा जुनी, अट नवी

रामबागकर, इंदूर
मंडळी, इथल्या एका अनुदानित कॉलेजात केमिस्ट्री लॅबचा अटेंडंट आहे. शिक्षण बारावी सायन्स. मी लागलो तेव्हा बारावी आणि पाच वर्षं अनुभव असला की टेक्निशियन होता यायचं. 2021 मध्ये आमचे टेक्निशियन निवृत्त झाले. फाइल कोणी हलवलीच नाही, जागा पडून. सोल्युशनं मीच बनवतो, इंडेंट (सामानाची मागणी) मीच लिहितो, प्रॅक्टिकलला एक्स्टर्नल आले की तेही मलाच हाक मारतात.

आता पत्र निघालंय, टेक्निशियनला बीएस्सी लागेल. माझ्यानंतर लागलेल्या एका बीएस्सी मुलाचं नाव पुढे गेलंय. पोरगा चांगला आहे, त्याच्याशी भांडण नाही. पण टायट्रेशनला अजून फिनॉल्फ्थॅलीन जास्तच ओततो.

ऑफिसातले हेडक्लार्क, आमचे बडे बाबू म्हणतात, जागा जुन्या नियमाच्या काळातली, तेव्हा जुनाच नियम लागेल, सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे. खरं का? हायकोर्टात जावं का? बायको म्हणते, वकिलाला पैसे देण्यापेक्षा भोज मुक्त विद्यापीठातून बीएस्सी करून टाका. पन्नाशीला!

निवृत्त अधीक्षक, सुदामा नगर
बडे बाबू म्हणताहेत तो रंगैया खटला, 1983 चा. आम्हीही टिपणीत तोच ठोकून द्यायचो. पण 20 मे 2022 ला हिमाचल प्रदेश विरुद्ध राजकुमार या खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तो मोडीत काढला. जागा आधी रिकामी झाली एवढ्यावरून जुना नियम लागत नाही. तुमचा हक्क आहे तो विचार होण्याचा, आणि विचार होतो त्या दिवशी जो नियम लागू असेल त्याप्रमाणे.

'काम तर मीच करतो' हेही कोर्टात फारसं चालत नाही. पदवी आणि डिप्लोमा असा फरक बढतीत करता येतो, हे जम्मू-काश्मीरच्या इंजिनियरांच्या खोसा खटल्यात घटनापीठानेच ठरवलंय. एआयआर या निकालसंग्रहात 1974 चा पहिलाच निकाल आहे तो.

वकीलबाई, ग्वाल्हेर
काका, लगेच हात टेकू नका. पत्र कोणाचं आहे? भरती नियमच रीतसर बदलला असेल तर अधीक्षकसाहेबांचं बरोबर. पण नियमात आजही बारावीच असेल आणि बीएस्सी नुसत्या पत्राने घुसवली असेल, तर तुमची बाजू उभी राहते. संतराम शर्मा खटला, 1967: नियम गप्प असेल तिथे आदेशाने भर घालता येते, नियमाच्या विरुद्ध जाता येत नाही.

एक अडचण मात्र आहे. कॉलेज सरकारी नाही. सेंट मेरीज एज्युकेशन सोसायटीच्या 2022 च्या निकालानंतर खाजगी संस्थेतल्या कर्मचाऱ्याच्या नोकरीच्या वादात रिट (थेट हायकोर्टातली याचिका) चालेल का, हे त्या नोकरीमागे कायद्याने केलेले नियम आहेत का यावर ठरतं. तुमचं कॉलेज अनुदानित आहे, म्हणून अनुदानाच्या अटी आधी वाचायला हव्यात. माहिती अधिकारात 10 रुपयांचा अर्ज लावा: लागू भरती नियम, शेवटच्या दुरुस्तीची तारीख, ज्येष्ठता यादी, अनुदानाच्या अटी. उत्तराला 30 दिवस. कॉलेजने टाळलं तर उच्च शिक्षण विभागाकडे.

आणि विनंतीअर्जांवर विनंतीअर्ज करत बसू नका. बढतीला आव्हान सहा महिन्यांत, फार तर वर्षात द्यावं, असं सुप्रीम कोर्टाने 1974 मध्येच सदाशिवस्वामी खटल्यात म्हटलंय. ऑर्डर निघाली तर त्या मुलालाही प्रतिवादी करावं लागेल, मग भांडण असो वा नसो.

रामबागकर, इंदूर
पत्र आमचं कॉलेज चालवणाऱ्या सोसायटीच्या सचिवांच्या सहीचं आहे. जावक क्रमांक आहे, पण नियमाचा उल्लेख कुठेच नाही. बडे बाबूंना नियमांची फाइल मागितली, तर म्हणाले कपाटाची किल्ली सापडत नाहीये.

वकीलबाई, ग्वाल्हेर
किल्ली सापडायची वाट बघू नका, अर्ज सोमवारीच टाका. आणि काकूंचंही ऐका. फक्त फॉर्म भरण्याआधी मुक्त विद्यापीठाची बीएस्सी या पदाला चालेल का, हे कॉलेजकडून लेखी घ्या, शिकायची परवानगीही लेखीच.